बँकॉकचा एक दिवस गाईडसोबत: गाडी कमी, क्रम पक्का

प्रश्न थोडक्यात असा आहे: आई-बाबा (वय ६४ आणि ६८), आम्ही दोघं आणि आठ वर्षांची मुलगी. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात बँकॉकला जातोय, मुक्काम सुखुमवित रोडवर असोक स्टेशनजवळ. शहर बघायला एकच पूर्ण दिवस आहे. एजंटने दोन पर्याय दिलेत. एक, पॅकेजमध्ये धरलेली 'हाफ डे सिटी टूर'. दुसरी, खासगी व्हॅन आणि गाईडची 'फुल डे टूर', तिच्यात ग्रँड पॅलेस, वाट फो, वाट अरुण (थाईत 'वाट' म्हणजे देऊळ), गोल्डन बुद्ध, मार्बल टेम्पल, फ्लोटिंग मार्केट आणि रात्री क्रूझ. आईचे गुडघे दुखतात, घरातले सगळे शाकाहारी. कोणती घ्यावी?

उत्तर: दोन्ही जशाच्या तशा घेऊ नका. पहिलीत बँकॉकचं मुख्य जे आहे तेच नाही, आणि दुसरीत इतकं कोंबलंय की निम्मा दिवस गाडीतच जाईल. एजंटकडे तिसरंच मागा: दिवसभरासाठी फक्त परवानाधारक गाईड, गाडी सकाळी पोहोचण्यापुरती, आणि पुढचं सगळं पायी, मेट्रोने आणि बोटीने. ग्रँड पॅलेस, वाट फो आणि वाट अरुण ही तिन्ही ठिकाणं चाओ फ्राया नदीच्या एकाच वळणावर, एकमेकांच्या हाकेच्या अंतरावर आहेत. तिथे व्हॅन दारात उभी ठेवून काहीच साधत नाही. उलट ती पार्किंगला दूर जाते आणि परत येईपर्यंत तुम्ही उन्हात उभे.

आधी पहिल्या कोटेशनचं बघू. भारतातून विकल्या जाणाऱ्या बँकॉक-पट्टाया पॅकेजांमधली हाफ डे सिटी टूर म्हणजे बहुतेक वेळा दोन देवळं आणि एक जेम्स गॅलरी, म्हणजे रत्नांचं दुकान. देवळं म्हणजे गोल्डन बुद्धाचं वाट त्राइमित आणि मार्बल टेम्पल, म्हणजे वाट बेंचामाबोफित. देवळांना नावं ठेवायचं कारण नाही. त्राइमितची सोन्याची मूर्ती साडेपाच टन वजनाची. ती पिढ्यान्‌पिढ्या गिलाव्याखाली झाकलेली होती आणि १९५५ मध्ये हलवताना गिलावा फुटला, तेव्हा आतलं सोनं उघडं पडलं. मार्बल टेम्पल राजा चुलालोंगकोर्नने १८९९ मध्ये बांधायला घेतलं, त्याचा संगमरवर इटलीतल्या कराराचा. पण या दोन ठिकाणांची निवड होते ती तिकीट स्वस्त आणि बस उभी करायला सोपी म्हणून. ग्रँड पॅलेसचं तिकीट परदेशी माणसाला ५०० बाथ आहे (बाथला साधारण पावणेतीन रुपये धरा) आणि तिथे दोन तास मोडतात. जेम्स गॅलरीत मात्र प्रत्येक बसमागे कमिशन असतं, म्हणून टूर इतकी स्वस्त पडते. शिवाय 'एसआयसी' लिहिलेलं असेल, म्हणजे सीट-इन-कोच, तर पाच-सहा हॉटेलांमधून माणसं गोळा करण्यातच पाऊण-एक तास जातो.

व्हाउचर वाचताना 'पॅनोरॅमिक', 'ड्राइव्ह पास्ट' आणि 'फोटो स्टॉप' हे शब्द शोधा. 'ग्रँड पॅलेस' आणि त्यापुढे यातलं काहीही असेल तर तुम्हाला पॅलेसची पांढरी भिंत बसच्या काचेतून दिसणार आहे, एवढाच त्याचा अर्थ. 'एंट्रन्स इन्क्लुडेड' असं स्पष्ट लिहिलेलं नसेल तर तिकीट तुमच्या खिशातून.

दुसऱ्या कोटेशनमधली अडचण फ्लोटिंग मार्केटची. पाकिटांवर आणि जाहिरातींवर दिसतो तो दाम्नोन सदुआकचा तरंगता बाजार शहरात नाही, बँकॉकपासून सुमारे १०० किलोमीटरवर राचाबुरी प्रांतात आहे. तो सकाळचा बाजार; दुपारी नुसत्या पर्यटकांच्या होड्या उरतात. म्हणजे बाजार धरायचा तर पॅलेसची सकाळ गेली, आणि पॅलेस धरायचा तर बाजार संपलेला. दोन्ही एका दिवसात देतो म्हणणारा एजंट दोन्ही अर्धवट देतो. बाजार बघायचाच असेल तर वेगळी सकाळ काढा, वाटेवर मेक्लोंगचा रेल्वे रुळांवरचा बाजारही होतो.

आता दिवसाचा क्रम. पॅलेस रोज सकाळी ८:३० ला उघडतो, तिकीट खिडकी दुपारी ३:३० ला बंद होते. बसेसचा लोंढा साडेनऊ-दहाच्या पुढे येतो. म्हणून ८:२० ला गेटवर असणं ही दिवसातली सगळ्यात महत्त्वाची वेळ. ती चुकली की पुढचं सगळं तासाभराने सरकतं, आणि वाट फोचं मोकळं आवार भर उन्हात बघावं लागतं.

असोकहून जायचे दोन रस्ते. मेट्रो (एमआरटीची ब्लू लाइन, सुखुमवित स्टेशन) तुम्हाला वीसेक मिनिटांत सनाम चाईला सोडते, गाडी बदलायची नाही. इथे बरेच जण फसतात: नकाशावर सनाम चाई पॅलेसला चिकटलेलं दिसतं, पण पर्यटकांचं प्रवेशद्वार उत्तरेच्या बाजूला ना फ्रा लान रस्त्यावर आहे आणि पॅलेसच्या भिंतीचा घेर जवळपास १,९०० मीटरचा आहे. स्टेशनपासून गेटपर्यंत चालत वीस मिनिटं लागतात. आईंचे गुडघे पुढच्या दोन तासांसाठी राखायचे आहेत, म्हणून सकाळी मोठी गाडी मागवा (ग्रॅब किंवा बोल्ट या टॅक्सी ॲपवर सहा आसनी मिळते), सव्वासातला निघा आणि थेट ना फ्रा लानच्या गेटपाशी उतरा. सकाळच्या गर्दीत पाऊण ते एक तास धरा. गाईडला गेटवर भेटायला सांगा, हॉटेलवर बोलावू नका. त्याचा आणि तुमचा दोघांचा वेळ वाचतो.

गेटच्या आसपास नीटनेटके कपडे घातलेला, गळ्यात ओळखपत्रासारखं काहीतरी अडकवलेला माणूस येऊन सांगेल, "आज पॅलेस बंद आहे," किंवा "भिक्खूंची प्रार्थना चालू आहे, एक वाजता उघडेल. तोवर वीस बाथमध्ये टुकटुकने तीन देवळं दाखवतो." ही बँकॉकची सगळ्यात जुनी फसवणूक. टुकटुक देवळात नेते आणि तिथून रत्नांच्या किंवा शिंप्याच्या दुकानात. पॅलेस उघडा आहे की नाही हे फक्त गेटच्या आतला गणवेशातला कर्मचारी सांगू शकतो, बाहेरचा कोणीही नाही. राजघराण्याच्या समारंभासाठी पॅलेस खरोखरच बंद राहतो, पण ते आधी अधिकृत संकेतस्थळावर लागतं. आदल्या रात्री तिथे एकदा पाहून घ्या. डिसेंबरमध्ये ५ आणि १० तारखेला थायलंडमध्ये सुट्टी असते, ते दोन दिवस टाळा. कुठे अडकलात तर टुरिस्ट पोलिसांचा नंबर ११५५.

कपड्यांवरून इथे लोकांना गेटवरून परत पाठवतात, म्हणून हे नीट वाचा. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, पुरुषांचेसुद्धा. बर्म्युडा, स्लीव्हलेस, फाटकी जीन्स, आरपार दिसणारं कापड चालत नाही. उघड्या खांद्यांवर ओढणी किंवा शाल टाकून भागवता येईल असं गृहीत धरू नका; बाह्याच हव्यात. म्हणजे स्लीव्हलेस ब्लाउजवरची साडी पदर घेऊनही अडकू शकते. लांब कुडता आणि सलवार सर्वांत सोयीची. लेगिंग घालायचंच असेल तर गुडघ्याखाली येणाऱ्या कुडत्याखालीच. मुलीलाही फ्रॉकऐवजी पॅन्ट घाला. रस्त्यापलीकडे हत्तीच्या नक्षीच्या ढगळ पॅन्ट शंभर-दोनशे बाथना मिळतात, पण त्यात पंधरा मिनिटं आणि पहिल्या रांगेतली जागा जाते.

आत गेल्यावर गाईडचं खरं काम सुरू होतं, आणि तुम्ही मराठी घरातले असल्यामुळे ते काम तुम्ही नीट मागून घ्यायला हवं. नेहमीचा गाईड सोन्याचा चेदी (स्तूप) दाखवतो, अंगकोर वाटची प्रतिकृती दाखवतो, पाचूच्या बुद्धाच्या रांगेत उभं करतो आणि बाहेर काढतो. त्याला पहिल्याच मिनिटाला सांगा: "रामाकियन गॅलरीत आम्हाला अर्धा तास हवा." रामाकियन म्हणजे थायलंडचं रामायण, पहिल्या रामाच्या, म्हणजे चक्री घराण्याच्या पहिल्या राजाच्या दरबारात ते अठराव्या शतकाच्या अखेरीस लिहून काढलं गेलं. वाट फ्रा केओच्या, म्हणजे पॅलेसमधल्या पाचूच्या बुद्धाच्या देवळाच्या, आवाराला वेढणाऱ्या ओवऱ्यांच्या भिंतीवर त्याची १७८ चित्रं सलग रंगवलेली आहेत. सुरुवात उत्तरेच्या बाजूने, पुढे प्रदक्षिणेच्या दिशेने. पहिल्याच चित्रात जनक राजा नांगर धरून आहे आणि जमिनीतून सीता मिळते. इथपर्यंत कथा आपली. पण गाईडला विचारा सीता कुणाची मुलगी, म्हणजे तो सांगेल, तोसकनची. तोसकन म्हणजे दशकंठ, आपला रावण. थाई कथेत सीता रावण-मंदोदरीची पोटची मुलगी आहे, अपशकुनी ठरवून पाण्यात सोडलेली.

हनुमान इथे पांढराशुभ्र आहे आणि ब्रह्मचारी नाही. सेतू बांधताना रावणाची मत्स्यकन्या सुवन्नमच्छा दगड पळवते, हनुमान तिच्या मागे जातो, दोघांचं जमतं आणि त्यांना मच्छानु नावाचा मुलगा होतो. मकरध्वजाची गोष्ट ऐकत मोठ्या झालेल्या माणसाला हे ऐकताना गंमत वाटते. एका चित्रात हनुमानाने अवाढव्य रूप घेऊन आ वासलाय आणि रामाचा अख्खा तंबू तोंडात सुरक्षित ठेवलाय, मैयराप म्हणजे महिरावणापासून वाचवायला. मुलीला हे चित्र शोधायला लावा. आठ वर्षांच्या मुलाला देवळांचा कंटाळा येतो, ओळखीच्या गोष्टीतला वेगळा हनुमान शोधण्याचा येत नाही. आवाराच्या दारांवर जोडीजोडीने उभे असलेले उंच यक्षही याच कथेतले. त्यांतला हिरवा, डोक्यांवर डोक्यांचा मनोरा असलेला तो तोसकन. दुपारी वाट अरुणच्या दारात हाच हिरवा तोसकन पुन्हा भेटेल, शेजारी 'सहस्सदेचा' नावाचा पांढरा यक्ष. मुलीला सकाळीच सांगून ठेवा.

भाषेची एक किल्ली हाताशी ठेवा, गाईडचं इंग्रजी कमी पडलं तर उपयोगी येते. संस्कृत-पाली शब्द थाईमध्ये जाताना द चा थ होतो, ग चा ख, ब चा फ आणि शेवटच्या र-ल चा न. म्हणून देव झाला थेप, नगर झालं नखोन. बँकॉकचं थाई नाव क्रुंग थेप महानखोन. वाट फोमधला 'फो' म्हणजे बोधी, मूळ नाव फोतारम, बोधाराम. शहराच्या लांबलचक औपचारिक नावात अयोध्या, नवरत्न आणि राजधानी हे तिन्ही शब्द आहेत. गाईडला सावकाश म्हणायला सांगा आणि मोजा किती कळतात.

पाचूचा बुद्ध पाचूचा नाही, हिरव्या जेड-जातीच्या एकाच दगडातला आहे, उंची जेमतेम ६६ सेंटीमीटर. इतक्या उंच चौथऱ्यावर बसवलाय की बऱ्याच जणांना 'एवढाच?' असं वाटतं. उन्हाळा, पावसाळा आणि थंडी असे त्याचे तीन पोशाख. ऋतू बदलला की राजा स्वतः ते बदलतो. तुम्ही जाल तेव्हा थंडीचा पोशाख असेल. विठ्ठलाची, अंबाबाईची पूजा बघितलेल्यांना हे लगेच भिडतं. आत फोटो पूर्ण बंद. बसलात तर पाय मूर्तीकडे करू नका, मागे दुमडून घ्या. उंबरठे उंच असतात. त्यांवर पाय न देता ओलांडायचं. आईंना इथे हात द्या, कारण आतल्या अंधारातून बाहेरच्या झगझगीत फरशीवर येताना हमखास ठेच लागते. बूट बाहेर काढायचे असतात आणि उन्हात फरशी तापते, म्हणून प्रत्येकाच्या पिशवीत पातळ मोज्यांचा जोड असू द्या.

देऊळ झालं की त्याच तिकिटावर राजवाड्याचा भाग. चक्री महाप्रासात ही इमारत खालून युरोपियन आणि वरून थाई कळसांची. बहुतेक दालनं आतून बंद असतात, त्यामुळे इथे वीस मिनिटं पुरतात. तिकिटात राणी सिरिकित वस्त्रसंग्रहालयही धरलेलं असतं, एसी आहे, बसायला जागा आहे. गुडघ्यांना विश्रांती हवी असेल तर हीच जागा.

साडेदहा-पावणेअकराला बाहेर. वाट फो दक्षिणेला, दहा-पंधरा मिनिटं चालत. आईंना चालवत नसेल तर टुकटुक करा, पण बसण्याआधी भाडं ठरवा आणि फक्त "वाट फो" एवढंच म्हणा. तिकीट ३०० बाथ. पहुडलेला बुद्ध ४६ मीटर लांब आणि १५ मीटर उंच. इमारत त्याच्या मापाचीच आहे, म्हणून पूर्ण मूर्ती कुठूनच एका नजरेत येत नाही. खांबांमधून तुकड्या-तुकड्याने दिसते. सगळ्यांचे मोबाईल चेहऱ्याकडे असतात, पण पायांशी थांबा. माणसाहून उंच तळव्यांवर काळ्या पार्श्वभूमीवर शिंपल्यांच्या जडावाची १०८ मंगलचिन्हं आहेत, चौकोना-चौकोनात, मध्ये चक्र. मूर्तीच्या पाठीमागे १०८ कांस्य वाडगे ओळीने मांडलेले. वीस बाथला सुट्या नाण्यांची वाटी मिळते आणि प्रत्येक वाडग्यात एक-एक नाणं टाकत जायचं. तो टणटण आवाज सगळ्या दालनात भरून राहतो. मुलीला हे काम द्या. वाडग्यांच्या या बाजूला गर्दी रेंगाळते, पाकीट पुढच्या खिशात ठेवा.

बहुतेक टूर इथून लगेच बाहेर पडतात. तुम्ही पूर्वेकडच्या अंगणांमध्ये जा, तिथे माणसं फार कमी असतात. पहिल्या चार राजांचे चार मोठे चेदी मात्र पश्चिमेच्याच बाजूला आहेत, चिनी मातीच्या रंगीत फुलांनी मढवलेले. भिंतींतल्या शिलालेखांत वैद्यक, मालिश, काव्य असं कायकाय कोरून ठेवलंय. युनेस्कोने २०११ मध्ये हा संग्रह जागतिक स्मृती नोंदवहीत घेतला. थाई मालिशचं पारंपरिक शिक्षण इथेच दिलं जातं आणि आवारात मालिश मिळतेही, अर्ध्या तासाला साधारण तीनशे-चारशे बाथ. आईंनी फक्त पायांची घ्यावी आणि सुरुवातीलाच गुडघ्याला हात लावून "बाओ बाओ" म्हणावं, म्हणजे हळू. थाई मालिशवाल्या अंगठ्याने जोर लावतात, न सांगता दुखऱ्या गुडघ्यावर तो सोसवत नाही. रांग असते, म्हणून गाईडला आल्या-आल्या नंबर लावायला सांगा आणि मग देऊळ बघा.

जेवण साडेबाराला, आणि इथे शाकाहारी कुटुंबांचा दिवस बिघडतो. फुल डे टूरमधलं 'लंच इन्क्लुडेड' म्हणजे बहुधा बुफे, आणि तिथे 'व्हेज' म्हणजे मांसाचे तुकडे नसलेलं एवढंच. थाई स्वयंपाकात मासळीचा सॉस (नाम प्ला) मिठासारखा वापरतात, रस्स्याच्या वाटणात कोळंबीची पेस्ट असते, पॅड थाईत वाळलेली कोळंबी, नुसत्या परतलेल्या भाजीतही ऑयस्टर सॉस. "नो मीट, नो फिश" म्हणून यातलं काही थांबत नाही, कारण स्वयंपाक्याच्या लेखी सॉस म्हणजे मासा नव्हे. योग्य शब्द 'जे'. चिनी-बौद्ध परंपरेतलं हे जेवण: मांस, मासळी, अंडं, दूध, शिवाय कांदा-लसूणही नाही. पिवळ्या पताकेवर लाल रंगात 'जे' हे अक्षर असलेली दुकानं ती. "किन जे" म्हणा, म्हणजे मी जे खातो. जे दुकान नसेल तर "माई साई नाम प्ला" (मासळीचा सॉस नको), "माई साई खाई" (अंडं नको). पिकलेला आंबा आणि नारळाच्या दुधातला चिकट भात मात्र निर्धास्त खा.

आई-बाबांना घरच्यासारखं हवं असेल तर सनाम चाईहून मेट्रोचं एकच स्टेशन, सॅम योत. तिथून थोडं चाललं की फाहुरात, बँकॉकची भारतीय वस्ती. मोठा गुरुद्वारा, कापडाची दुकानं, पंजाबी शाकाहारी भोजनालयं, मिठाई. तासभर एसीत बसा. दुपारी बारा ते तीन बाहेर काही बघण्याचा हट्ट धरू नका. डिसेंबरातही पारा तिशीच्या पुढे जातो आणि देवळांच्या फरश्यांवरून ऊन डोळ्यांवर येतं. दमला नसाल तर सनाम चाई स्टेशनलगतचं म्युझियम सयाम मुलांना आवडतं. सोमवारी ते बंद असतं.

तीनच्या सुमारास परत था तिएन धक्क्यावर. पलीकडे जाणारी होडी पाच बाथ, पाच मिनिटंही लागत नाहीत. इथे लांब शेपटीच्या होड्यांचे एजंट "फेरी बंद आहे" म्हणून हजार-दीड हजाराची खासगी होडी गळ्यात मारतात. सरळ तिकीट खिडकीकडे जा. वाट अरुणचं तिकीट २०० बाथ. मधला प्रांग, म्हणजे शिखरासारखा मनोरा, ऐंशी मीटरच्या आसपास उंच. दुरून तो राखाडी दगडाचा वाटतो. जवळ गेलात की दिसतं, तो अख्खा चिनी मातीच्या बशा-वाट्यांच्या तुकड्यांनी मढलाय. चीनहून येणाऱ्या जहाजांच्या तळाशी वजनासाठी भरलेली ही भांडी. तुकड्यांची फुलं केलीत, मध्ये कुठे पूर्ण बशी, कडेला शिंपले. हात न लावता नाक भिंतीपाशी नेऊन बघा. प्रांगच्या पायऱ्या शिडीसारख्या उभ्या आहेत आणि उतरताना जास्त त्रास देतात. आईंनी चढू नये. नदीकाठच्या बाकांवर सावली आणि वारा दोन्ही आहे. तुम्ही दोघं आळीपाळीने मुलीला घेऊन चढा.

फोटोबद्दल एक: वाट अरुण पूर्वाभिमुख आहे. संध्याकाळी समोरच्या काठावरून सूर्य त्याच्या मागे जातो, छायाकृती मिळते. चिनी मातीचे रंग हवे असतील तर आवारातच, साडेतीन-चारला.

परतीला टॅक्सी नको. चार ते सातमध्ये जुन्या शहरातून असोकला दीड तासही लागू शकतो. वाट अरुणच्या धक्क्यावरून नारिंगी झेंड्याची बोट धरा (१६ बाथ), सथोर्न धक्क्यावर उतरा, तिथेच वर बीटीएसचं (उन्नत मार्गावरची लोकल रेल्वे) सफान तक्सिन स्टेशन. सयाम स्टेशनला गाडी बदलून असोक. सव्वा तासात हॉटेल. शेवटच्या बोटी सहाच्या सुमारास सुटतात, म्हणून पाचनंतर रेंगाळू नका.

क्रूझ त्याच रात्री नको. सात-साडेसातला धक्क्यावर हजर राहायचं म्हणजे दिवसभर उभ्या असलेल्या आई-बाबांना पुन्हा गर्दीत काढायचं. ती दुसऱ्या संध्याकाळी घ्या, भारतीय शाकाहारी जेवणाच्या क्रूझही असतात. दिवसा पाहिलेला वाट अरुण दिव्यांत पाण्यावरून बघायचा तोच खरा वेळ.

गाईडबद्दल महत्त्वाचं. थायलंडमध्ये गाईडचा व्यवसाय कायद्याने थाई नागरिकांसाठी राखीव आहे. म्हणून तुमच्या ग्रुपचा भारतीय टूर मॅनेजर कितीही जाणकार असला तरी पॅलेसमध्ये माहिती सांगू शकत नाही, आणि तो गप्प उभा दिसला तर त्याचं कारण हे. गाईडच्या गळ्यात फोटो आणि मुदत असलेलं परवानापत्र हवं. बुकिंगच्या वेळीच मागा. हिंदी बोलणारे गाईड कमी आणि डिसेंबरात महाग, पण आई-बाबांना इंग्रजी जड जात असेल तर जास्तीचे पैसे सत्कारणी लागतात. टिप म्हणून दिवसाअखेर मिळून तीनशे-चारशे बाथ योग्य.

खर्चाचा अंदाज: तिन्ही तिकिटं मिळून मोठ्या माणसाला १,००० बाथ. पॅलेस आणि वाट फोमध्ये १२० सेंटीमीटरच्या आतल्या मुलांना तिकीट नाही. उंची मोजून जा. ही रक्कम रोख ठेवा. थायलंडच्या एटीएमवर परदेशी कार्डाला दर वेळी दोनशेच्या वर बाथ कापले जातात, म्हणून पैसे एकदाच काढा.

सोबत एवढंच: प्रत्येकाची पाण्याची बाटली, छत्री, मोजे, चटकन काढता येणाऱ्या चपला, मुलीसाठी कोरडा खाऊ. स्वच्छतागृहांत आपल्यासारखा जेट स्प्रे बहुतेक ठिकाणी असतो, कागद नसतो.

आणि एजंटला हा मजकूर जसाच्या तसा पाठवा: "हाफ डे सिटी टूर नको, त्याचे पैसे पॅकेजमधून वजा करा. परवानाधारक थाई गाईड आठ तासांसाठी, सकाळी ८:२० ला ग्रँड पॅलेसच्या ना फ्रा लान गेटवर. ग्रँड पॅलेस, वाट फो, वाट अरुण, तिन्ही आतून, तिकिटं आम्ही काढू. रामाकियन गॅलरीसाठी अर्धा तास. एकही शॉपिंग स्टॉप नाही, जेम्स गॅलरी नाही. टूर वाट अरुणच्या धक्क्यावर संपेल." याला होकार लेखी घ्या. 'शॉपिंग स्टॉप नाही' या ओळीवर एजंट खळखळ करेल आणि थोडे पैसे वाढवून सांगेल, ते द्या.